'फुल्सम' म्हणजे भरभरून नव्हे: या चुका टाळा

मी भाषांतराचं आणि मुद्रितशोधनाचं काम करते. स्मरणिका, मानपत्रं, संस्थांचे वार्षिक अहवाल, परदेशी विद्यापीठांना पाठवायची शिफारसपत्रं असे कागद रोज हाताखालून जातात. त्यांत एक इंग्रजी विशेषण इतक्या वेळा भलत्या जागी सापडतं की आता पान उघडलं की डोळे आधी त्यालाच शोधतात. ते म्हणजे 'फुल्सम'. 'फुल्सम प्रेज', 'फुल्सम ट्रिब्यूट', 'फुल्सम सपोर्ट'. लिहिणाऱ्याच्या मनात असतं भरभरून कौतुक. वाचणारा जाणकार असेल तर त्याला दिसते वीट येईल अशी तोंडपुजी स्तुती.

चूक कशी होते हे उघड आहे. 'फुल' म्हणजे भरलेलं, म्हणून 'फुल्सम' म्हणजे भरघोस, असा हिशोब डोक्यात आपोआप होतो. पण या हिशोबाने माझ्या डोळ्यांदेखत एका माणसाचं मन दुखावलं आहे, म्हणून या एका चुकीवर मी सविस्तर लिहिणार आहे.

ज्यांच्या हाताखाली मी आठवीपासून इंग्रजी शिकले, त्या बाई निवृत्त झाल्या. माजी विद्यार्थ्यांनी समारंभ ठरवला. मानपत्र दोन भाषांत करायचं ठरलं. मराठी मजकूर तपासायला माझ्याकडे आला. इंग्रजी बाजूही दाखवा म्हटलं, तर उत्तर आलं, "ते आपल्याच एका हुशार मुलाने लिहिलंय, मोठ्या कंपनीत आहे तो, बरोबरच असणार. शिवाय छापखान्याला आजच द्यायचंय." मीही पुढे रेटलं नाही. रेटायला हवं होतं.

समारंभात शाल, श्रीफळ आणि सागवानी चौकटीतलं मानपत्र बाईंच्या हातात दिलं. सोनेरी अक्षरं, वर शाळेचं बोधचिन्ह. बाईंनी सवयीप्रमाणे चष्मा लावून इंग्रजी बाजू वाचायला घेतली. ओळीखालून बोट फिरत होतं, वर्गात फिरायचं तसंच. शेवटच्या परिच्छेदापाशी ते थांबलं. वाक्य होतं, 'प्लीज ॲक्सेप्ट द फुल्सम प्रेज ऑफ युअर ग्रेटफुल स्टुडंट्स.' बाईंनी चष्मा काढला, सगळ्यांकडे बघून हसल्या आणि मानपत्र टेबलावर ठेवलं. सभागृहातल्या बहुतेकांना काहीच कळलं नाही.

आठवड्याने मी घरी गेले. भिंतीवर मानपत्र नव्हतं. कपाटाच्या मागे, काच भिंतीकडे करून उभं ठेवलेलं होतं. विचारलं तर म्हणाल्या, "अगं, मुलांनी मनापासून लिहिलंय हे कळतं मला. पण आल्यागेल्याला त्यातून काय वाचायला मिळेल? माझ्या विद्यार्थ्यांनी माझी खोटी खुशामत केली, आणि मी ती चौकटीत लावली. चौतीस वर्षं ज्यांना शब्द शिकवले त्यांच्याकडूनच हे आलं, म्हणून लागलं गं."

आम्ही कागद नव्याने छापून घेतला. 'फुल्सम'च्या जागी 'हार्टफेल्ट' आलं, चौकट तीच ठेवली. आज ते मानपत्र बाईंच्या बैठकीच्या खोलीत आहे. लिहिणाऱ्या मुलाला फोन केला तेव्हा कळलं, की त्याने आधी 'फुल' असं काहीतरी लिहिलं होतं, ते साधं वाटलं म्हणून मोबाइलवर समानार्थी शब्दांची यादी उघडली आणि त्यातला सगळ्यांत भारदस्त दिसणारा शब्द उचलला. समानार्थी शब्दांच्या यादीबद्दल माझं मत तेव्हापासून पक्कं झालं. जो शब्द तुम्हाला आधीपासून ओळखीचा आहे पण ऐन वेळी आठवत नाही, तो आठवण्यापुरतीच ती यादी वापरावी. अनोळखी शब्द तिथून उचलून थेट छापायला देऊ नये. कोशात त्याची दोन-तीन वाक्यं वाचायला दोन मिनिटं लागतात, आणि तेवढी दोन मिनिटं ज्याच्याकडे नाहीत त्याने साधा शब्द ठेवावा.

त्या मुलाने मला एक रास्त प्रश्नही विचारला होता. "पण ताई, कोशात भरपूर हाही अर्थ दिलाय की!" दिलेला आहे. इथे या शब्दाचा प्रवास कळायला हवा, आणि तो आपल्याकडच्या पंगतीत बसून चांगला कळतो.

लग्नाच्या पंगतीत बसलात. पहिल्या वाढीला श्रीखंड आलं, घट्ट, केशराचं. पान भरलेलं, मन प्रसन्न. यजमान आग्रहाला आले, दुसरी वाढ झाली, पोट तुडुंब भरलं. मग मुलाचे मामा आले आणि "आमच्या हातचं नाही घेणार?" म्हणत तिसरा डाव पानात पडला. आता तेच श्रीखंड समोर बघवत नाही, जिभेवर ओशटपणा येतो, मळमळतं. श्रीखंड बदललेलं नाही, फक्त अती झालंय. 'फुल्सम' शब्द नेमका या तीन वाढींतून गेला. तेराव्या शतकात त्याचा अर्थ विपुल, भरपूर असा होता. पुढे तो धष्टपुष्ट, खाऊनपिऊन गुबगुबीत अशा अर्थी वापरला गेला. मग अती खाल्ल्यावर येते तशी शिसारी आणणारं, असा अर्थ झाला. सतराव्या शतकापर्यंत तो बोलण्याला चिकटला, आणि ऐकवत नाही इतकी गोडमिट्ट स्तुती म्हणजे 'फुल्सम' हे रुळलं.

शेक्सपिअरच्या 'ट्वेल्फ्थ नाइट'मध्ये हे अगदी स्वच्छ दिसतं. १६०२ साली प्रयोग झाल्याची नोंद असलेलं हे नाटक. त्याची सुरुवातच ड्यूक ऑर्सिनोच्या अजीर्णाच्या भाषेने होते. संगीत हे प्रेमाचं अन्न असेल तर ते मला इतकं द्या की भूकच मरून जावी, असं तो म्हणतो. नाटकभर तो ऑलिव्हियाकडे प्रेमाचे निरोप धाडत राहतो. पाचव्या अंकात तो स्वतः समोर येतो तेव्हा ऑलिव्हिया सांगते, जुनंच रडगाणं असेल तर माझ्या कानाला ते 'फॅट अँड फुल्सम' आहे. सुरेल गाण्यानंतर कुणी भेसूर रडावं तसं. खाण्यातला ओशटपणा कानापर्यंत कसा गेला ते इथे एका ओळीत सापडतं.

विसाव्या शतकात मात्र उलटा प्रवास सुरू झाला. मेलेला समजला जाणारा 'विपुल' हा अर्थ पुन्हा डोकं वर काढू लागला, आणि आज कोशांमध्ये दोन्ही अर्थ शेजारीशेजारी बसलेले असतात. म्हणून मोठ्या कोशांनीच इशारा देऊन ठेवला आहे, की संदर्भ अगदी स्पष्ट नसेल तर 'फुल्सम प्रेज' म्हणजे उदंड कौतुक की ओशट खुशामत, हे वाचणाऱ्याला कळणार नाही. अमेरिकन कोशकार ब्रायन गार्नर यांनी अशा शब्दांना 'स्कंक्ड टर्म' असं नाव दिलं. स्कंक हा दुर्गंधी फवारणारा प्राणी. शब्दाचा अर्थ बदलायच्या काळात तो कसाही वापरला तरी कुणा ना कुणाला खटकतोच, म्हणून त्यापासून काही काळ लांब राहावं, असं त्यांचं म्हणणं. मला ते पूर्ण पटतं. ज्या शब्दाने समोरच्याचा मान करायचा आहे, तो शब्द शंभरातल्या दहा जणांना जरी अपमानासारखा वाटला तरी मला चालणार नाही.

तेव्हा माझी पद्धत अशी. कौतुक करायचं असेल तेव्हा 'फुल्सम' लिहायचंच नाही. त्याच्या जागी बसणारे शब्द भरपूर आहेत. मनापासूनचं असेल तर 'हार्टफेल्ट', हात आखडता न घेता केलेलं असेल तर 'अनस्टिंटिंग' किंवा 'जेनरस', जिव्हाळ्याचं असेल तर साधं 'वॉर्म'. शिफारसपत्रात तर नक्कीच नको. विद्यार्थ्याला 'फुल्सम प्रेज' मिळाली असं लिहिलंत, तर निवड समितीतला वयस्क प्राध्यापक समजेल की कुणीतरी याची उगाच भलामण केली होती.

खुशामतीला नाव ठेवायचं असेल तेव्हा मात्र हा शब्द जरूर वापरावा, तिथे त्याच्याइतका चपखल शब्द क्वचितच मिळेल. सतराव्या शतकात इंग्लंडमधले लेखक आपली पुस्तकं सरदार-उमरावांना अर्पण करत आणि त्या अर्पणपत्रिका खुशामतीने निथळत असत. जॉन ड्रायडन हा त्या काळचा फार मोठा कवी, पण त्याच्या अर्पणपत्रिकांबद्दल अठराव्या शतकातला समीक्षक आणि कोशकार सॅम्युअल जॉन्सनने पुढे लिहिलं की रोमन सम्राटांना देव ठरवलं जाई त्या दिवसांनंतर अशी हांजीहांजी क्वचितच कुणी केली असेल. त्या अर्पणपत्रिका 'फुल्सम'. हे वाक्य बिनधास्त लिहा. फक्त शेजारी 'फ्लॅटरी' म्हणजे खुशामत किंवा 'सर्व्हाइल' म्हणजे लाचार, असा एखादा शब्द ठेवा, म्हणजे तुम्ही टीका करताय हे कुणाच्या नजरेतून सुटणार नाही.

आता दुसऱ्या टोकाची चूक. स्पर्धा परीक्षेची तयारी करणारी मुलं रोज वीस-वीस शब्द पाठ करतात आणि समोर एकेकच अर्थ लिहितात. 'फुल्सम' बरोबर 'अतिस्तुतीपर', झालं, पुढचा शब्द. अशी घाई मला मनापासून खटकते, कारण अर्धवट पाठ केलेला शब्द हा न येणाऱ्या शब्दापेक्षा जास्त घोटाळा करतो. न येणारा शब्द माणूस कोशात बघतो, अर्धवट येणारा बघत नाही. माझ्याकडे शिकायला आलेल्या एका मुलीने ब्रिटिश वृत्तपत्रातल्या बातमीचं भाषांतर केलं. मंत्र्याने 'फुल्सम अपॉलॉजी' द्यावी अशी विरोधकांची मागणी होती. तिने लिहिलं, 'लाळघोटी माफी मागावी'. विरोधक अशी मागणी का करतील, हे तिच्या मनातही आलं नाही, कारण वहीत अर्थ एकच होता. ब्रिटनच्या राजकारणात आणि वृत्तपत्रांत हा प्रयोग नेहमी दिसतो आणि तिथे त्याचा अर्थ पूर्ण, हातचं काही न राखता मागितलेली माफी असाच असतो. 'बिनशर्त माफी' केल्यावर बातमी सरळ झाली.

म्हणून वाचताना 'फुल्सम' दिसला की मी तीन गोष्टी बघते. मजकूर कधीचा आहे? अठराव्या-एकोणिसाव्या शतकातला असेल तर बहुतेक वेळा अर्थ वाईटच. कोण कुणाबद्दल बोलतंय? निवेदकाच्या सुरात वैताग आहे का, की तो सरळ बातमी सांगतोय? आणि शेजारचं नाम कुठलं आहे? 'फ्लॅटरी' असेल तर प्रश्नच मिटला. 'अपॉलॉजी' असेल तर बहुधा पूर्ण. 'प्रेज' असेल तर पुढची-मागची दोन वाक्यं वाचल्याशिवाय मी पेन उचलत नाही. वहीत नवा शब्द लिहितानाही मी अर्थ शेवटी लिहिते. आधी तो कुणाच्या शेजारी बसतो ते लिहिते, मग एक अख्खं वाक्य, आणि मराठी शब्द पेन्सिलीने, कारण तो बदलावा लागतो.

मराठी प्रतिशब्दाचंही तेच. वाईट अर्थी असेल तर संदर्भ बघून तोंडपुजी, भाटगिरीची, ओशट, गोडमिट्ट, वीट आणणारी. चांगल्या अर्थी असेल तर भरभरून, उदंड, मुक्तकंठाने केलेली. एकच शब्द सगळीकडे चालवू नये.

याला लागूनच एक वेगळी चूक होते, तिच्यात 'फुल्सम' हा शब्द नसतो पण मजकूर मात्र 'फुल्सम' होतो. आपल्या मानपत्रांची भाषा ठरलेली आहे. 'ज्ञानमहर्षी', 'विद्येचा अथांग सागर', 'आपल्या चरणी कृतज्ञतेची फुलं'. मराठी वाचकाला माहीत असतं की हा मानपत्राचा मायना आहे, जुन्या पत्रात 'कृतानेक साष्टांग नमस्कार' असायचा तसा. त्यात खोटेपणा नसतो. पण हेच शब्दशः इंग्रजीत नेलं की तिथे त्याला तो मायना उरत नाही, उरते फक्त खुशामत. अशा वेळी मी विशेषणं गाळते आणि त्या माणसाने केलेलं एखादं काम सांगते. बाईंच्या नव्या मानपत्रात मी एक वाक्य वाढवून घेतलं, की त्या दर शनिवारी शाळा सुटल्यावर कच्च्या मुलांना तासभर थांबवून शिकवत. बाईंना सगळ्यांत जास्त तेच आवडलं.

बाकीच्या चुका किरकोळ. स्पेलिंगमध्ये 'एल' एकच आहे, दोन नाहीत. उच्चार 'फुल्सम', शेवटी 'सोम' नाही. 'होलसम' म्हणजे आरोग्याला किंवा मनाला हितकर, त्याचा याच्याशी गोंधळ करू नका, मी 'फुल्सम मील' असंही वाचलेलं आहे. 'नॉइसम'चा आवाजाशी संबंध नाही, तो 'अनॉय'च्या कुळातला आहे आणि त्याचा अर्थ घाणेरड्या वासाचं, किळसवाणं. 'विन्सम'चा जिंकण्याशी संबंध नाही, तो आनंद या अर्थाच्या जुन्या इंग्रजी शब्दावरून आला आणि त्याचा अर्थ लोभस. या कुळातल्या शब्दांचा पहिला तुकडा बघून अर्थ लावायचा मोह होतो, तो आवरा.

आणि चूक होऊन गेली असेल तर? ईमेल गेली असेल तर त्याच दिवशी दोन ओळींची दुसरी ईमेल पाठवा, योग्य शब्द घालून. लांबलचक खुलासा नको. स्मरणिका छापून झाली असेल आणि वाटायची बाकी असेल, तर शुद्धिपत्राची चिठ्ठी आत चिकटवा. मानपत्र असेल तर कागद नव्याने छापून घ्या आणि चौकटीत बदला. खर्च फार येत नाही, आणि समारंभाच्या आदल्या दिवसापर्यंतही ते काम होतं, फक्त छापखान्याला सकाळी लवकर फोन करावा लागतो.