जोगजाची खेडी सायकलवर बघायची तर

इंडोनेशियात जावा बेटावर जोगजाकार्ता, म्हणजेच जोगजा, नावाचं शहर आहे. त्याच्या आसपासची खेडी मी दोनदा सायकलवर फिरले. पहिल्या खेपेला सगळंच चुकलं. बारा जणांचा घोळका, साडेनऊची सुरुवात, पस्तीस किलोमीटर, आणि सगळ्यांत पुढे शिट्टी वाजवत जाणारा गाइड. दुपारी हॉटेलवर पोचले तेव्हा मांड्या भरून आल्या होत्या, मोबाइलमध्ये ढीगभर फोटो होते आणि गावातल्या एकाही माणसाशी मी बोलले नव्हते. मी मुळशीकडच्या भातवाल्या घरची. दोन्ही बाजूंना लावणी चाललेली आणि मी पुढच्याच्या मडगार्डवर नजर ठेवून पेडल मारतेय! दोन वर्षांनी जुलैत मी आणि नवरा पुन्हा गेलो. दोघंच, अठरा किलोमीटर, साडेचार तास. पुढचं सगळं त्या दुसऱ्या खेपेच्या जोरावर सांगते आहे.

बुकिंग करताना आपण किंमत आणि अंतर विचारतो. त्याऐवजी विचारा की किती ठिकाणी उतरायचं, गटात किती माणसं, आणि गाइड कुठल्या गावचा. शहरातल्या गाइडला रस्ता माहीत असतो. गावातल्याला आज कुणाकडे मळणी आहे, कुणाचा सोया शिजतोय आणि कुणाच्या घरी दुखवटा आहे म्हणून तिकडून जायचं नाही, हेही माहीत असतं. गट चार-पाच जणांच्या वर गेला की कुणाच्याही पडवीत मावत नाही, मग सगळं रस्त्यावरूनच दाखवलं जातं. ‘पस्तीस किलोमीटर, अकरा स्थळं’ असं कुणी सांगितलं तर हसून पुढचा नंबर फिरवावा.

पाऊस साधारण नोव्हेंबर ते मार्च, कोरडे महिने मे ते ऑक्टोबर. कोरड्या दिवसांत हिरवं काही दिसणार नाही ही भीती नको. कालव्याचं पाणी असलेल्या पट्ट्यात सगळे एकाच वेळी पेरत नाहीत, त्यामुळे एकाच सकाळी या खाचरात चिखलणी, पलीकडे लावणी आणि त्याच्याही पलीकडे पिवळं पडलेलं भात दिसतं. वेळ मात्र सकाळी सहाचीच घ्या, आणि ती केवळ उन्हासाठी नव्हे. सूर्य वर्षभर साडेपाचच्या आसपासच उगवतो, माणसं उजाडताच शेतात उतरतात आणि दहापर्यंत बांध रिकामे होतात. उत्तरेला मेरापी ज्वालामुखी असतो, सुमारे 2,900 मीटरचा. तोही सकाळीच दिसतो, मग ढगात जातो. शुक्रवारी दुपारी पुरुष मशिदीत जातात, तेव्हा त्या दिवशी अकराच्या आत परत या. रमजानात भर रस्त्यात बाटली तोंडाला लावू नये आणि खाण्याच्या टपऱ्याही दिवसा फारशा उघड्या नसतात, म्हणून मी तरी तो महिना टाळेन.

आणखी एक विचारायचं: बाजार कधी? जावात सात दिवसांच्या आठवड्याबरोबर पाच दिवसांचाही एक आठवडा चालतो. लेगी, पाहिंग, पोन, वागे, क्लिवोन. बऱ्याच गावांचा मोठा बाजार यांपैकी ठरलेल्या दिवशी भरतो. आमच्या वाटेवरचा बाजार पोनला होता. आदल्या दिवशी गेलो असतो तर नुसते रिकामे ओटे बघितले असते.

वाट निवडताना उतार समजून घ्या. जमीन मेरापीपासून दक्षिणेच्या समुद्राकडे उतरत जाते. उत्तरेकडून दक्षिणेकडे निघालात तर सायकल आपणहून पळते आणि उलट निघालात तर दिसायला सपाट रस्ताही दम काढतो. गुडघे कुरकुरत असतील तर सेलोकान मातारामच्या काठाने जाणारी वाट मागा. हा कालवा पश्चिमेची प्रोगो आणि पूर्वेची ओपाक या दोन नद्या जोडतो. लांबी सुमारे 31 किलोमीटर, आणि उताराला आडवा खणलेला, त्यामुळे चढ असा नाहीच. तो जपानी अमलात, म्हणजे 1942 ते 1945 च्या दरम्यान झाला. आमच्या गाइडने सांगितलं की जोगजाचे तेव्हाचे सुलतान हामेंगकुबुवोनो नववे यांनी हे काम पुढे केलं, त्यामुळे इथली पुष्कळ माणसं जपान्यांच्या वेठबिगारीवर दूर जाण्यापासून वाचली. त्याच पाटाचं पाणी आजही सगळ्या खाचरांत खेळतं. देवळं हवी असतील तर प्रंबाननजवळच्या प्लाओसानकडे जा, तिथे मंदिरांना लागूनच भातशेती आहे. बोरोबुदूरजवळचं चांदीरेजो गावही चांगलं, तिथे गावकरीच पाहुण्यांची व्यवस्था बघतात. दक्षिणेला बांतुल अगदी सपाट. मेनोरे डोंगरावर ‘थोडासा चढ आहे’ असं कुणी म्हणालं तर मात्र मी जाणार नाही.

सायकल हातात आली की आधी सीट. खाली बसवलेल्या सीटवर चार तास काढले की गुडघ्यांचं वाटोळं. कुठला ब्रेक मागचा तेही उभ्याउभ्या दाबून बघा. ‘रेम बलाकांग’ म्हणजे मागचा ब्रेक. गावातल्या गल्ल्यांत तो फार लागतो, कारण दर पन्नास पावलांवर गतिरोधक. त्यांना तिथे ‘पोलिसी तिदुर’, म्हणजे झोपलेला पोलीस म्हणतात. शेतांकडच्या वाटांवर बऱ्याचदा काँक्रीटच्या दोनच पट्ट्या आणि मध्ये गवत असतं. एकच पट्टी धरून चला. समोरून मोटरसायकल आली तर घाईने पट्टी बदलू नका, चाक मधल्या खोबणीत अडकतं. अशा वेळी थांबून एक पाय टेकवला की झालं. वाहनं आपल्यासारखीच डावीकडून चालतात, तेवढा एक त्रास नाही. जुन्या काळ्या डच धाटणीच्या ‘ओंथेल’ सायकली फोटोत छान दिसतात, पण जड असतात. मी गिअरवाली घेतली, नवऱ्याने हौसेने ओंथेल घेतली आणि परतीला गुपचूप बदलून मागितली.

कपडे खांदे आणि गुडघे झाकणारे असावेत. गाइडला ‘मास’ म्हणायचं, म्हणजे दादा. (शाकाहारी माणसाला पहिले दोन तास हे जड जातं.) वयस्कर पुरुषाला ‘पाक’, बाईला ‘बू’, आजी-आजोबांना ‘म्बाह’. दोन शब्द मात्र पाठ करूनच जा. कुणाच्या घरासमोरून, बसलेल्या माणसांपुढून जाताना ‘नुवुन सेवू’ म्हणायचं, वेग कमी करायचा, मान थोडी झुकवायची. शब्दशः त्यात हजार माफ्या मागितल्या जातात. आणि ‘मोंगो’, म्हणजे या, बसा, चालू द्या, तुम्ही आधी, सगळं काही. तुम्ही ‘मोंगो’ म्हणालात की अख्खी पडवी ‘मोंगो’ म्हणते. सायकलची घंटी वाजवण्यापेक्षा हे बरं. कुणी ‘माम्पिर’ म्हणालं, म्हणजे घरी या, तर लगेच सायकल स्टँडवर लावू नका. आपल्याकडे जाताजाता ‘या एकदा जेवायला’ म्हणतात तशातलाच तो प्रकार. खरं बोलावणं कुठलं ते गाइडला कळतं.

तेंपे, म्हणजे सोयाबीन आंबवून केलेली वडी, जिथे बनते ते घर चुकवू नका. आम्ही गेलो तिथे पत्र्याच्या शेडमध्ये सोयाबीन शिजत होतं. सालं काढायची, निथळून गार करायचं आणि वर ‘रागी’ भुरभुरायची. ही रागी म्हणजे नाचणी नव्हे, विरजणासारखं विरजण आहे, रायझोपस नावाच्या बुरशीचं. मग केळीच्या पानात किंवा भोकं पाडलेल्या प्लास्टिकच्या पिशवीत बांधून मांडणीवर ठेवतात. मी कालची पुडी हातात घेतली तर ती ऊन लागली. चूल कुठे जवळ नव्हती. ती ऊब बुरशी वाढताना आतूनच येते. आजची पुडी नुसते दाणे, कालचीवर धुरकट पांढरी लव, परवाची वडीसारखी घट्ट. तिन्ही शेजारी ठेवून दाखवा म्हणून सांगा. दाणे कुठले, असं विचारलं तर बाई म्हणाल्या, अमेरिकेचे. खोटं नाही ते. इंडोनेशियातला बराचसा सोया बाहेरूनच येतो.

आता बांध. बांधावर सायकल घालायचीच नाही, गाइड ‘चालतं’ म्हणाला तरी. दर हंगामात हाताने चिखल लिंपून तो उभा केलेला असतो, टायर त्याला कापतो. मी तर उतरून, पायी चालत, फोटो काढायच्या नादात कडेवर पाय दिला. कड सुटली, डावा पाय गुडघ्यापर्यंत आत आणि ताजी लावलेली आठ-दहा रोपं आडवी. पलीकडून टोपलीसारखी शंकूची टोपी घातलेली एक म्बाह येताना दिसली. मी ‘माआफ, माआफ’ करत पर्स उघडली, तर गाइडने माझा हात खाली दाबला. पैसे आधी काढायचे नाहीत. आधी माफी, मग हात लावायची तयारी. म्बाहने माझ्या बुटांकडे बोट दाखवलं. मी ते काढले, तिने हातात रोपांची मूठ दिली आणि कमरेवर हात ठेवून बघत उभी राहिली.

मूठ डाव्या हातात, उजव्या हाताने दोन-तीन काड्या सोडवून अंगठ्याने चिखलात रोवायच्या आणि मागे सरकायचं. आमच्याकडे असंच. तिथे लावणीला ‘तांदुर’ म्हणतात आणि लोक त्याची फोड ‘ताता कारो मुंदुर’ अशी करतात: नीट मांडत मागे सरणं. फरक रेघांचा. दाताळ्यासारखं लाकडी अवजार ओढून चिखलावर आधी आखणी केलेली होती, आणि दर काही ओळींनंतर एक ओळ मुद्दाम रिकामी. त्या पद्धतीला ‘जाजार लेगोवो’ म्हणतात. कडेच्या रोपांना ऊन-वारा जास्त मिळतो, म्हणून ओळींना जास्तीत जास्त कडा करून द्यायच्या. मी सवयीने ती रिकामी ओळही लावून टाकली. म्बाहने काही न बोलता माझी चार रोपं उपटली आणि जागेवर लावली. नंतर तिच्या सुनेकडून शेंगदाण्याचे पेयेक, म्हणजे तळलेल्या कुरकुरीत चकत्या, घेतले, लागत होते त्यापेक्षा दोन पुडे जास्त. पैसे असे पोचवावेत.

गाइडशी बोलायला विषय सुचेना तर भाताबद्दल विचारा. शेतात उभं ते ‘पारी’, झोडून निघालं की ‘गाबाह’, भरडलं की ‘बेरास’, शिजलं की ‘सेगो’. आपला उभाही भात आणि ताटातलाही भात, हे सांगितल्यावर तो रस्त्यात थांबून हसला. घरांच्या दाराशी लटकवलेली छोटी वाटी दिसली तर तिच्याबद्दलही विचारा. रात्रीची गस्त घालणारे तिच्यातून चिमूटभर तांदूळ किंवा नाणं गोळा करतात आणि ते गावाच्या कामाला जातं. त्याला ‘जिम्पितान’ म्हणतात.

खाणं. शाकाहारी असाल तर नुसतं ‘व्हेजिटेरियन’ म्हणून भागत नाही, कारण चटणीत, म्हणजे सांबालमध्ये, तेरासी असते आणि ती कोळंबीची. ‘तान्पा तेरासी’ म्हणा, म्हणजे तेरासीशिवाय. तेंपे आणि तोफू सगळीकडे मिळतात. पेचेल, म्हणजे उकडलेल्या भाज्यांवर दाण्याची पातळ चटणी, बिनधास्त मागा. चटणीत तेरासी नाही ना, एवढं मात्र विचारा. गुदेग ही कोवळ्या फणसाची गोड भाजी, पण तिच्या पातेल्यात बहुतेकदा कोंबडी आणि अंडी असतातच. पेयेक घेताना शेंगदाण्याचे ‘काचांग’ मागा, ‘तेरी’ म्हणाले तर त्यात बारीक मासे.

पाच आणि दहा हजार रुपियाच्या नोटा आदल्या दिवशीच जमवून ठेवा. खेड्यात लाखाची नोट काढली की सगळे सुट्ट्या पैशांसाठी धावतात. पैसे उजव्या हाताने द्या, गाइडची बक्षिसीही. मुलांना गोळ्या-चॉकलेटं वाटू नका. पंक्चरची काळजी नको, ‘तांबाल बान’ अशी पाटी वाटेत कुठेतरी दिसतेच. आमचं काढलं त्या पोराने टायरमधून निघालेला बाभळीच्या काट्याएवढा काटा नवऱ्याच्या हातावर ठेवला आणि ओंथेलकडे बघून, हीच सायकल का घेतलीत, असं विचारलं.