लक्स मीटर टेबलावर आडवा ठेवू नका

‘वास्तुरचना आणि मेंदू’ हा विषय आर्किटेक्चरच्या थिसिसला घेतला असेल, तर शीटवरची न्यूरॉनची चित्रं आधी काढून टाका. ज्युरीचा, म्हणजे परीक्षकांचा, प्रश्न एकच असतो: यामुळे तुमची कोणती खिडकी सरकली?

पोरं अडकतात ती उजेड मोजताना. घोडबंदर रोडवरच्या एखाद्या टॉवरमधली खोली घ्या. टेबलावर लक्स मीटर, म्हणजे उजेड मोजायचं यंत्र, आडवा ठेवला की छतातल्या दिव्याच्या पॅनलखाली ४०० लक्स (उजेडाचं माप) दिसतात आणि वहीत तोच आकडा चढतो. तो वाचायला-लिहायला पुरतो का, एवढंच त्यातून कळतं. शरीराच्या घड्याळाला दिवस उजाडल्याचं कळवतात त्या डोळ्यातल्या मेलानॉप्सिन (उजेड टिपणारं द्रव्य) असलेल्या पेशी, आणि माणूस काही छताकडे बघत बसत नाही. म्हणून जमिनीपासून १.२ मीटरवर, बसलेल्याच्या डोळ्याशी, सेन्सर उभा धरा. त्याचं तोंड माणूस जिकडे बघतो तिकडे. आकडा बऱ्याचदा निम्म्याखाली येतो. घाबरू नका, तोच खरा आहे.

इथेही एक खोट राहते. साधा मीटर ५५५ नॅनोमीटरच्या हिरवट-पिवळ्या उजेडाला सर्वाधिक दाद देतो, या पेशी मात्र ४८०च्या आसपासच्या निळ्याला. २७०० केल्विनच्या पिवळ्या एलईडीतले जेमतेम निम्मे लक्स त्यांच्या हिशेबात धरले जातात. या पेशींच्याच मापात २०२२मध्ये तज्ज्ञांनी सुचवलेली पातळी अशी: दिवसा डोळ्याशी किमान २५० लक्स, झोपेआधीचे तीन तास जास्तीत जास्त १०.

सकाळी ९, दुपारी १ आणि संध्याकाळी ५ला मोजा. एकदा मे महिन्यात, एकदा जुलैत. ग्रिलवर कपडे वाळत असताना, वर ताडपत्री असताना मोजा. ठाण्यातलं घर तसंच असतं. मोबाइलचं अ‍ॅप नकोच, प्रत्येक फोन वेगळं सांगतो. कॉलेजचा मीटर मागून घ्या. ‘साइटवर जा’ म्हणण्याऐवजी ‘रेफरन्स वाढवा’ म्हणणाऱ्या गाइडचं थोडं कमीच ऐका. नीट घेतलेली बारा रीडिंग थिसिसला पुरतात, खरंच पुरतात.

रॉजर उलरिक यांचा १९८४चा अभ्यास सगळेच टाकतात, पण अर्धवट. पित्ताशयाच्या शस्त्रक्रियेनंतरच्या रुग्णांच्या २३ जोड्या. खिडकीतून झाडं दिसणारे सरासरी ७.९६ दिवसांत घरी गेले, विटांची भिंत दिसणारे ८.७० दिवसांत. यावरून ‘हिरवळीने रोग बरा होतो’ असं लिहू नका. सेक्शन, म्हणजे इमारतीचा उभा छेद, काढा. पाचव्या मजल्यावर पलंगावर पडलेल्याचा डोळा सिलच्या (खिडकीच्या खालच्या कडेच्या) ९०० मिलिमीटरपेक्षा खालीच असतो, त्यामुळे खालचं झाड कापलं जातं आणि उरतं नुसतं आभाळ. सिल उतरवा, बाहेरून रेलिंग द्या, पलंग खिडकीकडे वळवा.

केस स्टडीला बेलापूरचं आर्टिस्ट व्हिलेज ही घरांची वसाहत घेणार असाल, तर तिचे वास्तुरचनाकार चार्ल्स कोरिआ यांनी सात घरांमध्ये ठेवलेल्या ८ बाय ८ मीटरच्या चौकात संध्याकाळी दोन तास बसा. कोण कुठल्या पायरीवर टेकतं, सावली सरकली की कुठे जातं, ते प्लॅनवर वेळेसकट ठिपक्यांनी मांडा. ‘चौकामुळे ताण कमी होतो’ हे वाक्य तिथे लागणारच नाही.