आई-बाबा वेगळे राहणार, हे मुलांना सांगताना
शक्यतो दोघांनी मिळून सांगा, आणि झोपायच्या वेळी नको. प्रश्न विचारायला मुलांना पुढे वेळ मिळायला हवा. लहान मुलांना कारणांपेक्षा आधी रोजचं काय ते कळायला हवं असतं: शाळेतून आणायला कोण येणार, रात्री झोपायचं कुठे, खेळणी कुठल्या घरात राहणार. ते नेमकं सांगा. ‘यात तुझी काहीच चूक नाही’ हे त्यांनी विचारलं नाही तरी सांगाच, कारण पाच-सहा वर्षांची मुलं बरेचदा मनातल्या मनात दोष स्वतःकडे घेतात. ऐकून मूल लगेच खेळायला पळालं, तर त्याला काही वाटलंच नाही असं समजू नका. तोच प्रश्न चार दिवसांनी पुन्हा येईल. न चिडता तेच उत्तर द्या.