युक्तिवाद संपला, निकाल येत नाही : ग्राहक आयोगात काय करावे?

ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ च्या कलम ३८(७) नुसार विरुद्ध पक्षाला नोटीस मिळाल्यापासून तीन महिन्यांत, आणि वस्तूची प्रयोगशाळेत तपासणी लागत असेल तर पाच महिन्यांत, तक्रार निकाली काढण्याचा प्रयत्न जिल्हा ग्राहक आयोगाने करायचा असतो. हे कलम लवकर निकालाच्या अर्जात ठळक अक्षरांत छापा म्हणजे निकाल लागेल, असा सल्ला देणारे पुष्कळ भेटतात. मुदत उलटून गेल्यास आयोगाने कारणे लेखी नोंदवावीत एवढीच तजवीज त्याच कलमात पुढे आहे, हे मात्र त्यांच्यापैकी कोणी सांगत नाही. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ ला फोन करण्याचा सल्लाही असाच निरुपयोगी आहे. ती व्यवस्था दाव्यापूर्वीच्या गाऱ्हाण्यांसाठी असून आयोगापुढील प्रकरणात तिचा काही अधिकार चालत नाही.

सर्वप्रथम ग्राहक आयोगांच्या ई-जागृती पोर्टलवर किंवा कार्यालयात जाऊन रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झाले याची नोंद, वाचावा. प्रकरण खरोखरच निकालासाठी ठेवले आहे, की लेखी युक्तिवादासाठी नेमले आहे, हे तेथेच कळते. ‘निकाल अडकला’ म्हणून माझ्याकडे आलेल्या अनेकांच्या बाबतीत अडलेला होता तो त्यांच्याच वकिलांनी दाखल न केलेला लेखी युक्तिवाद.

रोजनाम्यात ‘निकालासाठी’ अशी नोंद असेल, तर लवकर निकालाचा अर्ज करावा लागतो, आणि बहुतेक जण चुकतात ते येथेच. माझ्या पहिल्या प्रकरणात सात महिने वाट पाहून मी दोन पानी अर्ज दिला होता. विलंब हेतुपुरस्सर आहे, विरुद्ध पक्षाने वेळ काढण्यासाठी खटपट केली आहे, मला मनस्ताप झाला आहे, असे सगळे त्यात होते. आरोप केल्यामुळे त्या अर्जावर विरुद्ध पक्षाचे म्हणणे मागवले गेले, त्यांनी ते देण्यासाठी मुदत मागितली आणि दोन तारखा माझ्याच अर्जाने खाल्ल्या. तेव्हापासून मी अर्ध्या पानापलीकडे जात नाही आणि कोणाला जाऊही देत नाही. मजकूर साधारण असा असावा :

“प्रस्तुत तक्रारीत उभय पक्षांचा युक्तिवाद दि. … रोजी पूर्ण होऊन प्रकरण निकालासाठी ठेवण्यात आले आहे. तरी निकाल जाहीर करण्यासाठी तारीख नेमावी, आणि पीठात बदल झाल्याने फेरयुक्तिवाद आवश्यक असल्यास त्यासाठी नजीकची तारीख द्यावी, ही विनंती.”

यातली फेरयुक्तिवादाची विनंती गाळू नये. आयोगाचे कामकाज अध्यक्ष आणि किमान एक सदस्य यांनी एकत्र बसून चालवायचे असते. युक्तिवाद ऐकलेल्यांपैकी कोणाची मुदत संपली किंवा बदली झाली की निकाल लिहायचा कोणी, हा प्रश्न उभा राहतो आणि फाइल कपाटातच राहते. फेरयुक्तिवादाची तयारी आपण आधीच दाखवली, तर निदान प्रकरण पुन्हा बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, येते. पुन्हा बोलावे लागणार म्हणून चिडणाऱ्यांची मला कीव येते, कारण त्यांनी सुचवलेला दुसरा मार्ग म्हणजे निव्वळ वाट पाहणे हाच असतो.

अर्ज किती दिवसांनी द्यावा, यासाठी दोन मोजपट्ट्या आहेत. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २० मध्ये निकालासाठी ३० दिवस आणि अपवादात्मक परिस्थितीत ६० दिवस सांगितले आहेत. तर २००१ मध्ये अनिल राय विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, निकाल राखून तीन महिने झाल्यास पक्षकाराला लवकर निकालासाठी अर्ज करण्याची आणि सहा महिने झाल्यास प्रकरण दुसऱ्या पीठाकडे सोपवण्याची मागणी करण्याची मुभा दिली. ही निर्देशावली उच्च न्यायालयांसाठी होती, म्हणून आयोगापुढे तिचा उल्लेख बंधनकारक नियम असल्याच्या थाटात करू नये. मी स्वतः ६० दिवस झाल्यावर पहिला अर्ज देतो, त्याच्या प्रतीवर आवक शिक्का घेतो आणि महिन्याभराने त्याचाच संदर्भ देऊन दुसरा देतो.

दोन्ही अर्ज पडून राहिले, तर शिक्के मारलेल्या प्रती आणि रोजनाम्याची नक्कल जोडून राज्य आयोगाकडे जावे. जिल्हा आयोगांवर त्याचे प्रशासकीय नियंत्रण असते, शिवाय कलम ४८ खाली तक्रारदाराच्या अर्जावरून प्रकरण दुसऱ्या जिल्हा आयोगाकडे वर्ग करण्याचा अधिकारही त्याला आहे. वर्ग करण्याची मागणी सहसा करू नये. नव्या ठिकाणी रांगेच्या शेवटी उभे राहावे लागते. संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात जाण्याचा मार्ग खुला असतो, पण तो वकिलामार्फत आणि दाव्याची रक्कम त्या खर्चाला पुरून उरणारी असेल तरच धरावा.

निकाल लागला की प्रत ताबडतोब मिळवावी, कारण राज्य आयोगाकडे अपिलाची ४५ दिवसांची मुदत आदेशाच्या तारखेपासून मोजली जाते. प्रत हाती आल्याची तारीखही तिच्यावरच लिहून ठेवावी.