रानवेलींवर कोयता चालवण्यापूर्वी: या चुका टाळा

गौताळ्याच्या डोंगरात, येडशीच्या रामलिंग घाटात किंवा किनवट-माहूरच्या सागवनात लाकडी खोडाच्या वेली, म्हणजे काष्ठवेली, झाडांच्या शेंड्यापर्यंत चढलेल्या दिसतात. कांगुणी, गुळवेल, पळसवेल, वाघाटी, हरणदोडी या त्यांपैकी काही. गावाची देवराई स्वच्छ करताना, रोपवनाची देखभाल करताना किंवा बांधावरची झाडे जपताना सर्वांत आधी कोयता पडतो तो या वेलींवर. त्यामागचा हेतू झाड वाचवण्याचाच असतो. परंतु कोणती वेल, कोणत्या झाडावर आणि कुठे, हे न पाहता केलेली तोड झाडाला फारशी उपयोगी पडत नाही आणि रानाचे मात्र नुकसान करते.

सर्वांत मोठी चूक म्हणजे प्रत्येक वेलीला बांडगूळ समजणे. अमरवेल आणि बांडगूळ या खऱ्या परजीवी वनस्पती आहेत. अमरवेलीचे पिवळसर दोरे झाडावर पसरतात, त्यांना हिरवी पाने नसतात आणि एकदा आधार सापडला की त्यांचा जमिनीशी संबंध उरत नाही. बांडगुळाला स्वतःची हिरवी पाने असली तरी ते पाणी आणि क्षार फांदीतूनच शोषते. अमरवेल फुलण्याआधी दोऱ्यांसह काढून बाहेर न्यावी आणि बांडगूळ ज्या फांदीवर रुजले असेल ती फांदी त्याच्या जोडाच्या थोडी मागून कापावी. काष्ठवेलीचे मूळ मात्र जमिनीत असते आणि ती आपले अन्न आपल्या पानांत तयार करते. झाडाकडून ती घेते तो केवळ आधार. म्हणून वेल तोडण्याआधी तिचे खोड मातीपर्यंत माग काढून पाहावे.

याचा अर्थ काष्ठवेली निरुपद्रवी आहेत असा नाही. जाड खोड उभारण्याचा खर्च वाचल्यामुळे त्या पाने आणि लांबी झपाट्याने वाढवतात, त्यांच्या खोडातील रुंद नलिका भरपूर पाणी वर नेतात, आणि प्रकाश व ओल या दोन्हींसाठी त्या झाडाशी स्पर्धा करतात. पनामामधील जंगलात वेली काढलेल्या आणि तशाच ठेवलेल्या तुकड्यांची तुलना केली गेली. 2015 साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार वेली असलेल्या तुकड्यांत कार्बनची निव्वळ वार्षिक साठवण सुमारे तीन-चतुर्थांशाने कमी होती. हा आकडा आपल्या पानगळीच्या कोरड्या रानाला जसाच्या तसा लावू नये, परंतु स्पर्धा खरी आहे, हे त्यावरून मान्य करावे लागते.

म्हणूनच निर्णय झाडाचे वय पाहून घ्यावा. लागवडीनंतरच्या पहिल्या काही वर्षांत कोवळ्या सागाच्या, निंबाच्या किंवा करंजाच्या मुख्य खोडाला वेलीने पीळ घातला, तर खोड आवळले जाते आणि शेंडा वाकतो. तिथे वेल काढणेच योग्य. वाढलेल्या झाडाचा निम्म्याहून अधिक माथा झाकला गेला असेल तर एखादी वेल कमी करावी, अन्यथा तिला हात लावू नये, असे माझे मत आहे. कांगुणीच्या बियांवरचे केशरी आवरण पक्षी खातात, वाघाटीच्या पानांवर अनेक फुलपाखरांच्या अळ्या पोसल्या जातात, आणि माथ्यावर एकमेकांत गुंतलेल्या वेली वानरांना एका झाडावरून दुसऱ्यावर जाण्याची वाट देतात. लातूरसारख्या जिल्ह्यात, जिथे वनाच्छादन अत्यल्प आहे, तिथे देवराईतील एकेका जुन्या वेलीचे मोल अधिकच वाढते.

काढायचीच असेल तर वेल खाली ओढू नये, कारण तिच्याबरोबर झाडाच्या फांद्याही मोडून येतात. बुडाशी कापून वरचा भाग जागीच वाळू द्यावा. गुळवेल याला अपवाद आहे: तोडलेली गुळवेल झाडावर लोंबकळत राहिली तरी हिरवी राहते आणि दोऱ्यासारखी मुळे जमिनीकडे सोडून पुन्हा रुजते, त्यामुळे तिचे तुकडे उतरवून घ्यावे लागतात. परवानगीने एखादे मोठे झाड पाडायचे असेल, तर त्याला जखडलेल्या वेली काही महिने आधी कापून ठेवाव्यात. नाही तर पडणारे झाड शेजारच्या झाडांनाही ओढते.

मोसंबीच्या बागायतदारांचा प्रश्न वेगळा आणि खरा आहे. जालना, छत्रपती संभाजीनगर परिसरात पावसाळ्याच्या उत्तरार्धात पिकू लागलेल्या फळांना रसशोषक पतंग रात्री सोंड खुपसतो, छिद्राभोवतीचा भाग सडतो आणि फळगळ होते. या पतंगाच्या अळ्या मोसंबीवर नव्हे, तर गुळवेल, वासनवेल यांच्या पानांवर वाढतात. म्हणून बागेभोवतालच्या या वेली नष्ट करण्याची शिफारस केली जाते आणि ती योग्य आहे. चूक होते ती पुढे. तोच कोयता घेऊन लोक ओढ्याकाठी, डोंगरउतारावर आणि देवराईत शिरतात, कांगुणी आणि हरणदोडीही सरसकट तोडतात, ज्यांचा या पतंगाशी काही संबंध नाही. पतंग दूरवरून उडत येऊ शकतो, त्यामुळे केवळ वेलतोडीवर विसंबणेही घातक ठरते. गळालेली फळे रोज वेचून खोल पुरावीत, कारण त्यांच्या वासाने पतंग आणखी येतात. सायंकाळी बागेत धूर करावा. आणि वेलतोड बाग व तिच्या बांधापुरती ठेवावी.

औषधासाठी वेल नेणाऱ्यांनी ती बुडासकट उपटू नये. गुळवेलीचे अंगठ्याएवढे जाड तुकडे वरच्या भागातून घ्यावेत आणि दोन-चार तुकडे पावसाच्या सुरुवातीला निंबाखाली लावावेत. मात्र तो निंब चांगला वाढलेला असावा, रोप नव्हे. कांगुणीच्या बियांसाठी अख्खी वेल तोडून खाली पाडण्याची रीत सोडून हाताला येतील तेवढेच घोस काढावेत. आषाढी द्वादशीच्या भाजीसाठी वाघाटीची फळे तोडतानाही काही फळे वेलीवर पिकू द्यावीत, कारण पुढच्या वेली त्याच बियांतून रुजणार आहेत.