लष्करातून डिसमिस झाल्यावर पेन्शन: या चुका टाळा

सातारा-कोल्हापूरकडे पलटणीतून माणूस घरी आला की पारावर पहिला प्रश्न ठरलेला: "पेन्शन किती बसली?" ज्याला डिसमिस करून पाठवलंय तो एक तर "सोडून आलो" म्हणून वेळ मारून नेतो, नाही तर "साहेबांनी सांगितलंय, बघू" म्हणतो. या बघू-बघूमध्येच दाद मागायची मुदत निघून जाते.

हा लेख भूदलातल्या नियमित भरतीच्या जवान, एनसीओ (नाईक, हवालदार) आणि जेसीओंसाठी (नायब सुभेदार ते सुभेदार मेजर) आहे. अधिकाऱ्यांचा विषय मध्ये थोडक्यात येईल. अग्निवीरांना चार वर्षांनंतर पेन्शनच नसल्यामुळे त्यांचा इथे संबंध नाही.

पंधरा वर्षं भरली, आता पेन्शनला धक्का नाही

हा समज सर्वांत जास्त नुकसान करतो. जवानाला सेवा-पेन्शनसाठी 15 वर्षांची पात्र सेवा लागते, हे खरं. पण 1961 च्या पेन्शन नियमावलीतला नियम 113 आणि 2008 च्या नियमावलीतला नियम 41 स्पष्ट सांगतात की आर्मी ॲक्टखाली डिसमिस झालेला माणूस आधीच्या सगळ्या सेवेच्या पेन्शनला आणि ग्रॅच्युइटीला अपात्र ठरतो. सेवा पंधरा वर्षांची असो की बावीस, फरक पडत नाही. "पेन्शन ही मालमत्ता आहे, मेहेरबानी नव्हे" हे सर्वोच्च न्यायालयाचं म्हणणं वकील हमखास ऐकवतात. म्हणणं बरोबरच आहे, पण न्यायालय त्याच दमात असंही सांगतं की कायद्याच्या आधाराने ती काढून घेता येते. इथे तो आधार आहे.

त्याच नियमात एक फट आहे. अपवादात्मक प्रकरणात, अपील केल्यास, सक्षम अधिकारी पेन्शन किंवा ग्रॅच्युइटी किंवा दोन्ही मंजूर करू शकतात. त्याच दिवशी नेहमीसारखा डिस्चार्ज मिळाला असता तर जेवढी बसली असती, त्यापेक्षा जास्त मात्र नाही. हे आपोआप कुणी देत नाही. मागावं लागतं.

डिस्चार्ज आणि डिसमिस एकच धरणं

गावात दोन्हींना "काढून टाकला" म्हणतात. कागदावर मात्र जमीन-अस्मानाचा फरक आहे: डिसमिस म्हणजे बडतर्फी, डिस्चार्ज म्हणजे सेवेतून मोकळं करणं. डिस्चार्ज झालेल्याची पेन्शन नियमाप्रमाणे शाबूत राहते, मग डिस्चार्ज चार लाल शाईच्या एंट्र्यांमुळे (सेवापुस्तकातल्या शिक्षेच्या गंभीर नोंदींमुळे) झालेला का असेना. त्यामुळे हातात आलेल्या आदेशात आर्मी ॲक्टचं कलम 20 लिहिलंय, कोर्ट मार्शलची शिक्षा लिहिलीय की आर्मी रूल्सचा नियम 13, हे आधी वाचा. नियम 13 असेल आणि 15 वर्षं भरली असतील, तर पेन्शनसाठी दयेचा अर्ज कशाला? थेट हक्क सांगा.

लाल शाईबद्दल आणखी एक. चार एंट्र्या झाल्या म्हणजे घरी पाठवलंच पाहिजे असं नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये वीरेंद्रकुमार दुबे प्रकरणात हे साफ सांगितलं: आधी चौकशी हवी, आणि सेवा किती झाली, नेमणुका किती खडतर ठिकाणी झाल्या, पेन्शनच्या किती जवळ आहे, हेही पाहिलं पाहिजे.

कॅलेंडरवरून वर्षं मोजणं

समजा, भरती मार्च 2008 आणि डिस्चार्ज मे 2023. बोटावर मोजली तर 15 वर्षं 2 महिने. पण मध्ये 90 दिवस बिनपरवाना गैरहजेरी आणि 28 दिवस कैद असेल, तर ते दिवस सामान्यतः पात्र सेवेतून वजा होतात आणि हिशेब 14 वर्षं 10 महिन्यांवर येतो. इथे घाबरून जायचं कारण नाही. 12 महिन्यांपर्यंतची तूट माफ करून घेण्याचा अर्ज रेकॉर्ड ऑफिसकडे (रेजिमेंटच्या सेवानोंदी ठेवणाऱ्या कार्यालयाकडे) करता येतो. मात्र ही माफी डिस्चार्जवाल्यांच्या कामाची. डिसमिस झालेल्याचं दुखणं वर्षांच्या तुटीचं नाहीच, त्यामुळे त्याने हा अर्ज करून सहा महिने घालवू नयेत.

सुट्टी संपल्यावर गप्प बसणं

माझ्या मते बहुतेक घरांत खरी वाट लागते ती इथे. आई आजारी, शेताचा वाद, बायकोचं बाळंतपण, कधी दारू, कधी खरोखरचं नैराश्य. माणूस सुट्टीवरून परत जात नाही आणि युनिटला कळवतही नाही. 30 दिवस उलटले की आर्मी ॲक्टच्या कलम 106 खाली कोर्ट ऑफ इन्क्वायरी (लष्करी चौकशी) बसते, आणि समाधानकारक कारण समोर नसेल तर कागदोपत्री तो भगोडा ठरतो. घरी पोलीस चौकशीला येतात तेव्हा घरचे सांगतात, "इथे नाही आला." तो असतो मागच्या खोलीत. पुढे हाच जबाब फाइलमध्ये त्याच्याविरुद्ध जातो.

कायद्यात विनापरवाना गैरहजेरी (कलम 39) आणि पळून जाणं (कलम 38) हे वेगळे गुन्हे आहेत. फरक हेतूचा. परत यायचंच नव्हतं, की यायचं होतं पण अडकला? हेतू सिद्ध करायला लागतो कागद: सरकारी दवाखान्याचा केसपेपर, युनिटला केलेला ईमेल, स्पीड पोस्टची पावती, सुट्टी वाढवून मागितल्याची प्रत. जवळच्या लष्करी ठाण्यात किंवा मिलिटरी हॉस्पिटलात स्वतःहून हजर झाल्याची नोंद तर सोन्यासारखी. चार महिन्यांनी काढलेलं खासगी डॉक्टरचं "पूर्ण विश्रांती" सर्टिफिकेट कुणी फारसं मनावर घेत नाही, आणि खरं सांगायचं तर घेऊही नये.

माणूस खरंच बेपत्ता असेल तर घरच्यांनी त्याच आठवड्यात पोलिसांत तक्रार नोंदवून प्रत युनिटला आणि रेकॉर्ड ऑफिसला पाठवावी. कुटुंबाने तक्रारच दिली नाही तर बेपत्ता जवान भगोडा म्हणून नोंदला जाऊ शकतो, आणि पुढे कुटुंब-पेन्शनचा रस्ताही अवघड होतो.

"गिल्टी म्हण, सुटशील" यावर विश्वास ठेवणं

समरी कोर्ट मार्शलमध्ये एकटा कमांडिंग ऑफिसर हे न्यायालय असतो. जेसीओवर ते चालत नाही. एनसीओ आणि जवानांवर चालतं. लेफ्टनंट कर्नल किंवा त्यावरचा अधिकारी असेल तर एक वर्षापर्यंत कैद आणि डिसमिसल, दोन्ही देऊ शकतो, आणि या शिक्षेला वरून मंजुरी लागत नाही. अशा वेळी "गुन्हा कबूल कर, हलकी शिक्षा होईल" असं कुणी तरी कानात सांगतं. हलकी म्हणजे काय, ते कुणी लिहून देत नाही.

गुन्हा कबूल करण्याचा परिणाम काय होतो, हे आरोपीला समजावून सांगणं आर्मी रूल्सच्या नियम 115 प्रमाणे बंधनकारक आहे. आरोप मिळाल्यापासून खटल्यापर्यंत 96 तासांची सवड हवी. ॲक्टिव्ह सर्व्हिसवर (युद्ध किंवा मोहिमेवर) असेल तर 24 तास. मदतीला 'फ्रेंड ऑफ द अक्यूज्ड', म्हणजे खटल्यात आरोपीला सल्ला देणारा माणूस, मागता येतो. यातलं काही झालं नसेल तर तारखा-वेळांसह त्याच दिवशी लिहून ठेवा. अशा चुकांवर शिक्षा रद्द झालेल्या आहेत. 1987 च्या रणजित ठाकूर प्रकरणात तर कोठडीत असलेल्या जवानाने जेवण्याचा हुकूम मानला नाही म्हणून कैद आणि डिसमिसल झालं होतं, आणि ज्या अधिकाऱ्याविरुद्ध त्याने तक्रार केली होती तोच न्यायालयात बसला होता. सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा रद्द केली.

शिक्षेविरुद्धचं अपील आणि पेन्शनची मागणी एकाच अर्जात कोंबणं

या दोन स्वतंत्र लढाया आहेत. पहिलीत तुम्ही म्हणता, शिक्षा चुकीची आहे. कोर्ट मार्शल असेल तर आधी आर्मी ॲक्टच्या कलम 164 ची याचिका, लष्करातल्याच वरिष्ठांकडे. दुसरीत म्हणता, शिक्षा तशीच राहो, पण नियम 41 खाली माझी सेवा बघून पेन्शन द्या. एकाच कागदावर "मी निर्दोष आहे" आणि "चूक झाली, दया करा" लिहिलं की दोन्ही बाजू लंगड्या पडतात.

दुसऱ्या अर्जात भावनेपेक्षा नोंदी हव्यात. सियाचीन किंवा काश्मीरमधल्या नेमणुकांच्या तारखा, पदकं, जखमा, आधीच्या एसीआर (वार्षिक गोपनीय अहवाल), गुन्ह्यात पैशांची अफरातफर किंवा हिंसा नव्हती हा मुद्दा, मुलांची शिक्षणं, उत्पन्नाचा दाखला. पोस्ट ऑफिसच्या पोचीशिवाय काही पाठवू नका.

अधिकाऱ्यांच्या बाबतीत पेन्शन जप्त करायची की कमी दराने द्यायची हा निर्णय स्वतंत्रपणे होतो. कोर्ट मार्शलने पेन्शनबद्दल काही म्हटलं नाही म्हणून ती वाचली, असं समजू नये. ब्रिगेडियर पी. के. दत्ता प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं.

मुदत विसरणं

आर्म्ड फोर्सेस ट्रिब्युनलकडे (सैन्यातले वाद ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाकडे) सेवेच्या बाबतीत अंतिम आदेशापासून सहा महिन्यांत जावं लागतं. त्याआधी खात्याकडे अर्ज करून बघावा लागतो. त्याला सहा महिन्यांत उत्तर आलं नाही तरी दार उघडतं. महाराष्ट्र, गोवा, गुजरातसाठी मुंबई खंडपीठ आहे. उशीर माफ होतो, पण सबळ कारण लागतं. "पेन्शनचा हक्क दर महिन्याला नव्याने उभा राहतो, कधीही जा" हे ऐकलेलं अर्धसत्य आहे. ते मंजूर पेन्शन कमी-जास्त झाल्याच्या वादात चालतं, आणि तिथेही मागची थकबाकी साधारण तीन वर्षांपुरतीच मिळते. डिसमिसलचा आदेश ही एका दिवसात घडलेली गोष्ट आहे, तिची मुदत दर महिन्याला नव्याने सुरू होत नाही.

मुलकी नोकरीचे नियम लावणं

तलाठी-ग्रामसेवक नात्यातले असतात, ते सांगतात "अनुकंपा भत्ता माग, दोन तृतीयांश मिळतो." तो केंद्रीय मुलकी पेन्शन नियमांतला नियम 41. योगायोगाने आकडा तोच आहे, आणि त्यामुळेच घोळ होतो. लष्करी अर्जात मुलकी नियम उद्धृत केला की तो अर्ज उत्तरासाठीही धड राहत नाही.

कागद न मागणं

कलम 23 प्रमाणे काढून टाकलेल्या जवानाला कमांडिंग ऑफिसरने प्रमाणपत्र द्यायचं असतं, इंग्रजीत आणि त्याच्या मातृभाषेतही. त्यात कुणी काढलं, का काढलं आणि एकूण सेवा किती झाली, हे तिन्ही असावं लागतं. म्हणजे मराठी जवानाला ते मराठीत मिळायला हवं. न मिळाल्यास युनिटला आणि रेकॉर्ड ऑफिसला लेखी मागा. मराठा लाइट इन्फंट्रीचं रेकॉर्ड ऑफिस बेळगावला आहे. कोर्ट मार्शलच्या कामकाजाची प्रतही मागता येते, पण हे कागद कायम जपून ठेवत नाहीत, म्हणून पहिल्याच महिन्यात मागावी. एएफपीपी फंडातली (जवानांच्या भविष्य निर्वाह निधीतली) स्वतःची वर्गणी म्हणजे पेन्शन नव्हे, तिचा हिशेब वेगळा मागा. आणि डिसमिस झालेला माणूस माजी सैनिकाच्या व्याख्येत बसत नाही. त्यामुळे आदेश बदलेपर्यंत जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयातून ओळखपत्र किंवा ईसीएचएसचं (माजी सैनिकांच्या वैद्यकीय योजनेचं) कार्ड मिळवून देतो म्हणणाऱ्या एजंटाला एक रुपयाही देऊ नका.