‘फास्ट’ रंग म्हणजे कुठला रंग? या चुका टाळा

सोलापुरात टॉवेलच्या धंद्यात नव्याने पडलेल्या माणसाला परदेशी खरेदीदाराची मेल येते : ‘ऑल कलर्स मस्ट बी फास्ट.’ याचा अर्थ ‘सगळे रंग लवकर पाठवा’ असा लावला, की पुढचा पत्रव्यवहार भलत्याच रुळावर जातो. खरेदीदाराला रंग पक्के हवे आहेत. धुण्यात जाणारे, घासल्यावर हाताला लागणारे नकोत.

वेग हा या विशेषणाचा नंतर चिकटलेला अर्थ. जुन्या इंग्रजीत ‘फास्ट’ म्हणजे घट्ट रोवलेलं, न हलणारं. जर्मनमधला ‘फेस्ट’ आजही तेच सांगतो. मग घट्ट बसलेला शब्द पळायला कसा लागला? आपल्याकडे ‘जोर’ म्हणजे ताकद, पण ‘गाडी जोरात घे’ म्हटलं की वेग वाढतो. तिथेही ‘घट्ट’वरून ‘जोर लावून’ आणि त्यावरून ‘वेगाने’ असा प्रवास झाला. विशेषण म्हणून ‘वेगवान’ हा अर्थ सोळाव्या शतकात रुळला. जुना अर्थ मात्र कुठेही गेला नाही. ‘फास्ट अस्लीप’ म्हणजे गाढ झोपलेला, ‘स्टक फास्ट’ म्हणजे पक्का अडकलेला. गाठोडी ‘मेक फास्ट’ करा असं लिहिलं असेल, तर ती घाईने भरायची नसतात, दोरीने आवळून बांधायची असतात.

आकडा बघताना होणारी चूक

कापडाच्या रिपोर्टात ‘कलर फास्टनेस’पुढे नुसता 4 बघून खूश होऊ नका. धुणं आणि घासणं यांचा पक्केपणा 1 ते 5 या पट्टीवर मोजतात, उन्हाचा-उजेडाचा बहुधा 1 ते 8 वर. म्हणून धुण्यातला 4 चांगला, पण उजेडातला 4 मध्यमच. खिडकीच्या पडद्याला तो कमी पडेल. धुण्याच्या चाचणीत (आयएसओ 105-सी06) आकडेही दोन प्रकारचे असतात : मूळ रंग किती फिका पडला आणि शेजारच्या पांढऱ्या कापडाला किती लागला. दुसरा आकडा बघायचा राहतो आणि गिऱ्हाइकाचे पांढरे टॉवेल गुलाबी होतात.

घासण्याची चाचणी (आयएसओ 105-एक्स12) कोरडी आणि ओली, दोन्ही मागा. गडद मरून किंवा नेव्ही ब्ल्यू कोरड्यात पास होतो आणि ओल्यात घसरतो. सुतावर रिअ‍ॅक्टिव्ह डाय (धाग्याशी रासायनिक जोड करणारा रंग) वापरला, की त्यातला काही भाग धाग्याशी जोडला न जाता पाण्याशीच प्रक्रिया करतो आणि नुसता वर बसून राहतो. तो गरम साबणाच्या पाण्यात धुऊन काढावा लागतो. पाणी, वाफ वाचवायला ही धुलाई आटोपती घेतली, की मूळ रंग कितीही चांगला असो, टॉवेल रंग सोडणारच. घरी अंदाज घ्यायचा तर पांढरं सुती कापड ओलं करून पिळा, टॉवेलवर दाबून 10 वेळा पुढे-मागे घासा आणि सावलीत वाळवून बघा. लॅबचा आकडा यातून मिळणार नाही, पण लॉट रोखायचा की नाही ते कळतं.

बोलण्यातल्या चुका

‘फास्टली’ म्हणू नका. ‘रन फास्ट’ एवढंच बरोबर. विशेषण आणि क्रियाविशेषण दोन्हींना एकच रूप. ‘मोअर फास्ट’ही नको, ‘फास्टर’ म्हणा. ‘फास्ट’ हलण्याच्या वेगाला, ‘क्विक’ थोडक्या वेळात उरकणाऱ्या गोष्टीला : गाडी फास्ट, उत्तर क्विक. ‘फास्टन’मधला ‘ट’ उच्चारत नाहीत. सीट बेल्ट ‘फासन’ करतात.

उपवासाचा ‘फास्ट’ही याच मुळातला, नियम घट्ट धरून राहणं या अर्थाने. पण आषाढीला ‘आय अ‍ॅम फास्ट’ म्हणाल, तर आपण चपळ असल्याची जाहिरात होईल. ‘आय अ‍ॅम फास्टिंग’ म्हणा. आणि पंढरपूरच्या वाटेवर साबुदाणा वड्याच्या फलकावर ‘फास्ट फूड’ लिहिणाऱ्याने ते पुसून ‘फास्टिंग फूड’ करावं, नाहीतर वारकऱ्याला आत नूडल्स आहेत असंच वाटणार.

दवाखान्याच्या कागदावर

थुंकीच्या तपासणीत ‘अ‍ॅसिड-फास्ट’ असं येतं. जंतू झपाट्याने वाढतोय म्हणून घाबरून जाऊ नका. क्षयाच्या जंतूला दिलेला रंग आम्लाने धुतला तरी निघत नाही, एवढाच त्या शब्दाचा अर्थ. म्हणजे टॉवेलवालाच ‘फास्ट’. रिपोर्ट पॉझिटिव्ह असेल तर उपचार लगेच लागतात, ती गोष्ट वेगळी.

रक्तातल्या साखरेच्या ‘फास्टिंग’ तपासणीला किमान 8 तास पोटात काही जाता कामा नये. साधं पाणी चालतं. दूध-साखरेचा अर्धा कप चहा चालत नाही; तो घेतला असेल तर लॅबमध्ये सांगा आणि दुसऱ्या दिवशी रक्त द्या.